मुख्य चित्रपटाच्या आधीची दहा मिनिटे

अमेरिकेतील चित्रगृहांत १९३०च्या दशकात तिकीट काढून शिरलेला प्रेक्षक केवळ एक चित्रपट पाहून घरी परतत नसे. आधी वार्तापट, मग एखादा व्यंगपट, कधी दूरदेशीचे प्रवासवर्णन तर कधी दोन विदूषकांची झोंबाझोंबी, आणि या सगळ्या लवाजम्यात कोठेतरी आठ-दहा मिनिटांचा एक संगीतपट, एवढे सगळे पार पडल्यावर मुख्य नायक-नायिकांची स्वारी पडद्यावर अवतरे. मोठ्या निर्मितिसंस्थांची स्वतःची चित्रगृहे असत. आणि जी चित्रगृहे त्यांच्या मालकीची नव्हती, त्यांच्या चालकांना लोकप्रिय चित्रपट हवा असेल तर त्याच्यासोबत कंपनीचे लघुपटही मुकाट्याने पदरात घ्यावे लागत. त्यामुळे या लघुपटांना गिऱ्हाईक शोधण्याची फिकीर नव्हती, आणि ज्या मालाला गिऱ्हाईक आपोआप मिळते त्याच्यावर मालक जेवढा पैसा व जेवढे लक्ष खर्च करतो, तेवढेच या लघुपटांच्या वाट्याला आले. एक-दोन दिवसांत चित्रीकरण, कामचलाऊ नेपथ्य, आणि कथानक असलेच तर नावापुरते.

परंतु स्विंग-संगीताच्या भरभराटीच्या काळाचा डोळ्यांनी पाहता येईल असा पुरावा आज धुंडाळू लागलो, तर ज्याला त्या काळी कार्यक्रमातील निव्वळ भरताड समजले गेले, त्याच दप्तराचे रुमाल सोडावे लागतात. ध्वनिमुद्रिका अर्थातच विपुल आहेत; पण अठ्ठ्याहत्तर फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर जेमतेम तीन मिनिटे मावत, आणि ती तीन मिनिटे आंधळी असत. वादक कसे बसत, कोण कोणाकडे पाहून हसे, ट्रम्पेटच्या तोंडावर टोपी धरून ती लयीत कशी हलवली जाई, हे सांगण्याची सोय तबकडीत नव्हती. ती या लघुपटांनी करून ठेवली. मात्र हा दस्तऐवज वाचताना वकिली सावधगिरी बाळगावी लागते, कारण यात कानाची साक्ष आणि डोळ्यांची साक्ष पुष्कळदा एकमेकींशी जुळत नाहीत. आणि त्या जिथे जुळत नाहीत तिथेच, माझ्या मते, पाहण्यासारखे सर्वांत अधिक आहे.

हे स्विंग वाजवणारा बिग बँड म्हणजे सामान्यतः चौदा ते सोळा वादकांचा ताफा: पुढे चार-पाच सॅक्सोफोन, मागे ट्रम्पेट आणि ट्रॉम्बोन यांची पितळी फळी, आणि बाजूला पियानो, गिटार, डबल बास व ड्रम हे लय सांभाळणारे चौघे. एका फळीने काही म्हणावे, दुसरीने त्याला उत्तर द्यावे, आणि या सवाल-जवाबातून वाट काढीत एखाद्या वादकाने उठून उत्स्फूर्तपणे आपले म्हणणे मांडावे, ही या संगीताची साधारण रीत. जिमी लन्सफर्ड यांच्या ताफ्यावर वॉर्नर ब्रदर्सने १९३६ साली केलेला लघुपट पाहिला म्हणजे ही रीत केवळ श्रवणाची नव्हती हे ध्यानात येते. तो ताफा वाजवण्याइतकाच दिसण्यातही तरबेज. पितळी वाद्ये एकाच वेळी वर उचलणे, एकाच वेळी वळवणे, यात त्यांची जी शिस्त दिसते ती कवायतीची खरी, पण कवायतीत जो आनंद कधी नसतो तो इथे ओतप्रोत भरलेला असतो. दिग्दर्शकाने फारसे काही केलेले नाही. कॅमेरा समोर ठेवला, आणि नशिबाने तो मधून मधून योग्य माणसाकडे वळला.

मोठ्या निर्मितिसंस्थांपैकी वॉर्नर ब्रदर्स या व्यवसायात सर्वांच्या आधी शिरले ते व्हायटाफोन नावाच्या यंत्रणेच्या जोरावर. ६ ऑगस्ट १९२६ रोजी न्यूयॉर्कमध्ये तिचा पहिला जाहीर प्रयोग झाला, तेव्हा ‘डॉन वॉन’ या मुख्य चित्रपटाच्या आधी संगीताचे लघुपटच दाखवण्यात आले होते. या यंत्रणेत आवाज फिल्मवर नसे. सोळा इंच व्यासाच्या, मिनिटाला ३३⅓ फेऱ्या घेणाऱ्या तबकडीवर तो वेगळा कोरलेला असे, आणि सुई आतल्या कडेकडून बाहेर येत असताना एका रिळाची सुमारे अकरा मिनिटे भरत. तबकडीच्या चिठ्ठीवर चौकोन छापलेले असत. प्रत्येक खेळानंतर यंत्रचालकाने एकेका चौकोनावर खूण करायची, आणि ठराविक खेळ झाले की झिजलेली तबकडी बाद करून नवी लावायची. ही व्यवस्था चार-पाच वर्षांत मोडीत निघाली आणि आवाज फिल्मच्या कडेला जाऊन बसला. पण तोवर निघालेल्या शेकडो लघुपटांच्या नशिबी एक चमत्कारिक ताटातूट आली. चित्र एका कोठारात मुके होऊन राहिले, आणि आवाज दुसऱ्याच कोणाच्या माळ्यावर धूळ खात पडला. १९९१ साली काही अमेरिकन संग्राहकांनी व्हायटाफोन प्रोजेक्ट या नावाने एकत्र येऊन अशा विखुरलेल्या तबकड्यांची यादी करण्याचे व त्यांची चित्रांशी गाठ घालून देण्याचे काम आरंभिले, आणि त्यामुळे कित्येक लघुपट पुन्हा बोलू लागले.

या सगळ्या सामान्य उत्पादनात डडली मर्फी नावाच्या दिग्दर्शकाने १९२९ साली केलेले दोन लघुपट एकदम वेगळे उठून दिसतात. एकात बेसी स्मिथ आहे. त्या थोर गायिकेचे पडद्यावरचे दर्शन एवढेच, दुसरे नाही. दुसरा म्हणजे एकोणीस मिनिटांचा ‘ब्लॅक अँड टॅन’. मर्फी हा फर्नां लेजे या फ्रेंच चित्रकाराच्या सोबतीने ‘बॅले मेकॅनिक’ हा प्रयोगपट करून चुकलेला गृहस्थ, आणि त्याच्या हाती पडला होता तीस वर्षांचा ड्यूक एलिंग्टन, जो तेव्हा हार्लेममधल्या कॉटन क्लबात गोऱ्या गिऱ्हाइकांसमोर रोज रात्री आपला ताफा घेऊन वाजवीत असे.

कथानक सांगायला दोन वाक्ये पुरतात. कफल्लक संगीतकाराचा पियानो हप्ते थकल्यामुळे जप्त करायला दोन माणसे येतात, त्यांना त्याची मैत्रीण जिनच्या बाटलीवर खूश करून वाटेला लावते. तिला हृदयविकार आहे, तरी ताफ्याला काम मिळावे म्हणून ती क्लबात नाचते, नाचता नाचता कोसळते, आणि मृत्युशय्येवर एलिंग्टनची रचना ऐकत प्राण सोडते. जप्तीवाल्या दोघांचे चित्रण त्या काळच्या गोऱ्या करमणुकीत कृष्णवर्णीयांच्या वाट्याला येई तसेच ओंगळ आहे, आणि ते पाहताना आजही अंगाचा तिळपापड होतो. पण त्याच खोलीत, त्या दोघांच्या येण्याआधी, एलिंग्टन पियानोशी आणि आर्थर व्हेटसॉल ट्रम्पेट घेऊन बसलेले आहेत, आणि दोन व्यावसायिक जसे नव्या रचनेतील एकेक जागा घोटून पाहतील तसे ते पाहत आहेत. व्हेटसॉल वाजवतो, थांबतो, एलिंग्टन काही सुचवतो. त्या काळच्या अमेरिकन पडद्यावर कृष्णवर्णीय माणसाला विचार करताना दाखवण्याचा रिवाज नव्हता; इथे तो दाखवला आहे, आणि कोणताही गाजावाजा न करता.

मग क्लब. जमीन आरशाची. काळ्या पोशाखातले पाच नर्तक एकामागे एक असे खेटून उभे, पाचांची पावले एकाच ठोक्यावर पडत आहेत, आणि त्यांच्या पायांखाली त्यांचीच प्रतिबिंबे उलटी लटकून तेच करीत आहेत. मैत्रिणीच्या भूमिकेतली फ्रेडी वॉशिंग्टन आपल्या नाचाची पाळी येण्याची वाट पाहत आहे. तिची शुद्ध हरपू लागते, आणि मर्फी लगेच लोलकातून दिसावे तसे ताफ्याचे तुकडे तुकडे करून पडद्यावर फिरवू लागतो. पॅरिसमध्ये शिकलेली ही करामत त्याने हार्लेमच्या ताफ्यावर आजमावली खरी, परंतु करामत वाया गेलेली नाही, कारण पाहणारा आपण नसून ती कोसळू पाहणारी मुलगी आहे. ती पडताच क्लबचा मालक पुढचा नाच सुरू करण्याचे फर्मान सोडतो. एलिंग्टन क्षणभर वाजवतो, मग ताफा उठवून चालता होतो. कॉटन क्लबातल्या खऱ्या एलिंग्टनला मालकासमोरून असे उठून जाण्याची मुभा होती काय, हा प्रश्न त्या वेळच्या हार्लेमच्या प्रेक्षकाच्या मनात आल्यावाचून राहिला नसेल.

इतर दिग्दर्शकांपाशी असे धैर्य क्वचितच आढळे. लुई आर्मस्ट्राँगचा ‘अ रॅप्सडी इन ब्लॅक अँड ब्लू’ १९३२ सालचा. बायकोने डोक्यात फडक्याची काठी हाणलेला एक नवरा स्वप्नात राजा होतो, आणि त्याच्या दरबारात जगातला तेव्हाचा सर्वश्रेष्ठ ट्रम्पेटवादक, अंगावर बिबळ्याचे कातडे पांघरून, साबणाच्या फेसात गुडघाभर उभा राहून वाजवतो. हा अपमान नव्हे असे म्हणणे कठीण. तरीही आर्मस्ट्राँगने ट्रम्पेट ओठांना लावला की ते कातडे, तो फेस, तो राजा, सगळे कोठल्या कोठे नाहीसे होते. मानभंगाच्या पोशाखात इतक्या बेफिकीर ऐश्वर्याने वावरलेला दुसरा कलावंत मला आठवत नाही.

पॅरामाउंटसाठी असे लघुपट करणाऱ्यांत फ्रेड वॉलर याचे नाव आवर्जून घ्यायला हवे. मोठा खटपटी माणूस. पाण्यावरच्या स्कीचे पेटंट त्याने १९२५ सालीच घेतले होते, आणि पुढे १९५२ साली तीन यंत्रांतून एका अजस्र वक्र पडद्यावर चित्र फेकणारे सिनेरामा हे त्याचेच. १९३५ साली त्याने एलिंग्टनला घेऊन ‘सिम्फनी इन ब्लॅक’ केला. कथा नाहीच, एक मान्यवर संगीतकार आपल्या खोलीत स्वरलिपी लिहीत बसला आहे, आणि लिहिलेल्या कागदांवरून कॅमेरा मजुरांच्या घामाकडे, प्रेमातल्या मत्सराकडे, अर्भकाच्या अंत्ययात्रेकडे आणि अखेर हार्लेमच्या नाचाकडे जातो. मधल्या भागात प्रियकराने रस्त्यावर ढकलून दिलेली एक तरुणी पडल्या जागेवरून गाऊ लागते. ती बिली हॉलिडे. चित्रीकरणाच्या वेळी वय अवघे एकोणीस, पडद्यावर प्रथमच. आणि गाताना शब्द किंचित मागे रेंगाळत ठेवण्याची तिची पुढे जगद्विख्यात झालेली खोड इतक्या लवकरच तिच्या गळ्यात मुरलेली आहे.

आता त्या न जुळणाऱ्या साक्षींकडे वळू. बोलपटाच्या अगदी आरंभी आवाज आणि चित्र बहुधा एकाच वेळी टिपले जात. पण लवकरच ध्वनिमुद्रण आधी उरकून घ्यायचे, आणि मग चित्रीकरणाच्या दिवशी तेच पुन्हा लावून त्याबरहुकूम वादकांनी वाजवल्यासारखे करायचे, असा शिरस्ता पडला. तो सोयीचा होता. कॅमेरा हवा तसा फिरवता येई, प्रकाशयोजना बदलता येई. पण एकदा मुद्रण व चित्रण यांची फारकत झाल्यावर मुद्रणाच्या दिवशीचा माणूस आणि चित्रणाच्या दिवशीचा माणूस एकच असला पाहिजे, असे बंधन उरले नाही. बारकाईने पाहणाऱ्याला ड्रमवाल्याच्या काठीत आणि झांजेच्या आवाजात पडलेले अंतर सापडते. श्वास घेतल्याशिवाय फुंकले जाणारे ट्रॉम्बोन सापडतात. १९३० साली ‘चेक अँड डबल चेक’ या पूर्ण लांबीच्या चित्रपटात एलिंग्टनच्या ताफ्यातले वादक कर्णे तोंडाशी धरून गाताना दिसतात, आणि ऐकू येतात ते बिंग क्रॉस्बी आणि त्याचे दोन गोरे साथीदार. त्याच चित्रपटात बार्नी बिगार्ड व हुआन टिझॉल या उजळ कांतीच्या दोन वादकांच्या चेहऱ्यांना काळे रंगवून उभे केले होते, कारण ताफा मिश्रवर्णी आहे असा संशय दक्षिणेकडील प्रेक्षकाला येता कामा नये.

पडद्यावरचा गळा आणि गळ्यातला आवाज यांची अशी फारकत भारतीय प्रेक्षकाला नवी नाही. १९३५च्या ‘धूपछाँव’पासून ती आपल्या अंगवळणी पडली, आणि आपण तिला लबाडी मानत नाही. तिकडचे हे संगीत मुंबईतही त्याच सुमारास पोहोचले. १९३५ साली लिऑन ॲबीचा कृष्णवर्णीय अमेरिकन ताफा ताजमहाल हॉटेलात वाजवू लागला, त्याच्यामागोमाग टेडी वेदरफर्ड आला, आणि गावच्या चर्चच्या शाळेत स्वरलिपी वाचायला शिकलेले गोव्याचे वादक हे संगीत झपाट्याने आत्मसात करू लागले. हळदोण्याचे अँटोनिओ झेवियर वाझ यांनी ‘चिक चॉकलेट’ हे नाव घेतले, आणि पुढे ते सी. रामचंद्रांच्या संगीतात हातभार लावू लागले. १९५१च्या ‘अलबेला’त ते आपल्या वाद्यवृंदासह पडद्यावर झळकतात. गिरणीत घाम गाळून चित्रपटांत आलेले भगवानदादा पुढे, आणि मागे ट्रम्पेट घेतलेले चिक चॉकलेट, हे दृश्य ज्याने वॉलरचे लघुपट पाहिले आहेत त्याला चटकन ओळखीचे वाटेल. वाझ यांना मात्र पडद्यावर दिसण्यासाठी तोंड रंगवून घ्यावे लागले नाही.

अमेरिकेत १९४०च्या दशकाच्या आरंभी या लघुपटांना एक नवे बिऱ्हाड मिळाले. शिकागोच्या मिल्स नॉव्हेल्टी कंपनीने पॅनोराम नावाचे, पुरुषभर उंचीचे लाकडी कपाट बाजारात आणले. आत १६ मिलिमीटरचा प्रक्षेपक, आरशांची मांडणी, आणि दर्शनी बाजूस काचेचा छोटा पडदा. दारूच्या गुत्त्यात, बसस्थानकात, हॉटेलच्या दिवाणखान्यात हे कपाट उभे असे. दहा सेंटांचे नाणे टाकले की तीन मिनिटांचे एक गाणे दिसे. या तीन मिनिटांच्या चित्रांना साउंडीज म्हणत, आणि १९४७पर्यंत अशी अठराशेहून अधिक चित्रे निघाली. गंमत अशी की रिळावर आठ चित्रे एकापुढे एक जोडलेली असत आणि रीळ अखंड फिरत राही, त्यामुळे गिऱ्हाइकाला निवड करण्याची सोय नव्हती. ज्याला आठवे चित्र पाहायचे त्याला आधीच्या सातांचेही पैसे मोजावे लागत. कृष्णवर्णीय कलावंतांचे चित्र बहुधा त्या रिळाच्या शेवटी घालीत.

आरशांमुळे प्रतिमा उलटू नये म्हणून पॅनोरामच्या प्रती मुळातच उलट्या छापलेल्या असत. त्यातली एखादी प्रत साध्या प्रक्षेपकावर चढवली की नावाची अक्षरे आरशात पाहावी तशी दिसतात, आणि सारा ताफा एकजात डावखुरा होतो. काउंट बेसी, फॅट्स वॉलर, एलिंग्टन, सगळे या कपाटात वाजवून गेले. एलिंग्टनच्या ‘कॉटन टेल’वर व्हाइटीज लिंडी हॉपर्स या मंडळींनी केलेला नाच १९४१ सालचा, माणसे हवेत भिरकावली जातात आणि ठोका न चुकवता जमिनीवर येतात, एवढेच त्याचे वर्णन करून मी थांबतो. जीन क्रूपाच्या ताफ्यातली गोरी गायिका अनिता ओडे आणि कृष्णवर्णीय ट्रम्पेटवादक रॉय एल्ड्रिज १९४२च्या एका चित्रात थट्टामस्करी करीत गातात. मोठ्या पडद्यावर जे धाडस कोणी केले नसते ते गुत्त्यातल्या कपाटात खपून गेले. मिसिसिपीतल्या एका शाळेत जन्मलेला इंटरनॅशनल स्वीटहार्ट्स ऑफ ऱ्हिदम हा स्त्रियांचा ताफा तर आज मुख्यतः या स्वस्त चित्रांमुळेच डोळ्यांना दिसतो. टायनी डेव्हिसचा ट्रम्पेट आणि व्हाय बर्नसाइडचा टेनर सॅक्सोफोन ऐकून, स्त्रियांचा ताफा म्हणजे शोभेची बाब असे मानणाऱ्यांनी खुशाल आपले मत तपासून घ्यावे.

या प्रकारातला सर्वोत्कृष्ट लघुपट मात्र बिग बँडचा नाहीच. १९४४ साली वॉर्नर ब्रदर्सने लाइफ साप्ताहिकाचा छायाचित्रकार गिऑन मिली याच्या हाती दहा मिनिटे सोपवली, आणि लॉस एंजेलिसमध्ये मिश्रवर्णी श्रोत्यांसमोर जलसे भरवण्याच्या ईर्ष्येने पेटलेला नॉर्मन ग्रान्झ हा तरुण संगीताची बाजू पाहू लागला. त्यातून ‘जॅमिन द ब्लूज’ जन्मला. काळ्या पडद्यावर प्रकाशाची वर्तुळे दिसतात, एकात एक. हे काय असावे असा विचार आपण करीत असतानाच ती वर्तुळे कलतात, आणि ती लेस्टर यंगच्या टोपीची कडा व माथा होती हे कळते. टोपीखाली तो चेहरा, सिगारेट, आणि किंचित तिरका धरलेला सॅक्सोफोन. नेपथ्य नाही, कथा नाही, प्रेक्षकाला हसवण्यासाठी कोणी डोळे वटारत नाही. यंग, हॅरी एडिसन आणि ड्रमवाला जो जोन्स हे तिघे बेसीच्या ताफ्यातून घडलेले. ताफ्याच्या गर्दीत जे एकेकट्याने म्हणायचे राहून जाई ते इथे निवांतपणे म्हटले जाते. छायालेखक रॉबर्ट बर्क्स; पुढे हिचकॉकच्या ‘रिअर विंडो’ आणि ‘व्हर्टिगो’चे छायालेखन याच माणसाने केले.

याही लघुपटात आवाज आधी मुद्रित झालेला, आणि याही लघुपटात एक अडचण होती. गिटारवादक बार्नी केसल गोरा होता. कृष्णवर्णीयांच्या शेजारी गोरा वादक दिसणे स्टुडिओला परवडणारे नव्हते, आणि केसलला वगळायला ग्रान्झ तयार नव्हता. तडजोड अशी झाली की केसलला छायेत बसवायचे, आणि जिथे त्याची बोटे जवळून दाखवावी लागतील तिथे त्यांना बेरींचा रस फासून ती काळी करायची. चित्रपटाच्या काळोख्या शैलीत हे खपून जाते. ज्याला ठाऊक नाही त्याला ती सावली मिलीच्या सौंदर्यदृष्टीचाच भाग वाटावी. लघुपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले. चित्रीकरणानंतर थोड्याच दिवसांत लेस्टर यंगला सक्तीने सैन्यात घेतले, आणि तिथल्या वर्णद्वेषी छळातून तो पुरता सावरला असे म्हणता येत नाही.

युद्धानंतर या धंद्याची घडी विस्कटली. १९४८ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने निर्मितिसंस्थांची चित्रगृहांवरील मक्तेदारी मोडली, आणि लघुपटांना आपोआप मिळणारे गिऱ्हाईक नाहीसे झाले. दूरचित्रवाणी घरोघरी येऊ लागली. आणि सोळा माणसांचा ताफा गावोगाव फिरवण्याचा खर्च भल्याभल्यांना झेपेना. काउंट बेसीनेही ताफा मोडून पाच-सहा जणांवर भागवायला सुरुवात केली होती. युनिव्हर्सलने १९५० साली त्याच्या या छोट्या चमूवर एक लघुपट काढला, त्यात बिली हॉलिडेही आहे: ‘सिम्फनी इन ब्लॅक’मधल्या त्या मुलीनंतर पंधरा वर्षांनी, केसांत गार्डेनियाच्या फुलाऐवजी थकवा माळलेली, आणि तरी एकही शब्द नेमक्या जागेच्या आधी न टाकणारी. चमूतला क्लॅरिनेटवादक बडी डिफ्रँको गोरा होता. या खेपेस त्याला सावलीत बसवण्याचीही तसदी कोणी घेतली नाही. मुद्रणात वाजवले त्याने, आणि चित्रणात त्याचे क्लॅरिनेट हाती धरून मार्शल रॉयल हा कृष्णवर्णीय वादक बोटे हलवीत राहिला. डिफ्रँकोने चमू सोडल्यावर १९५१ साली बेसीने त्या जागी रॉयललाच खरोखरीचे बोलावून घेतले, आणि बेसीचा मोठा ताफा पुन्हा उभा राहिल्यावर त्यातल्या सॅक्सोफोनच्या फळीचे नेतृत्व त्याने १९७०पर्यंत केले.